एका जुन्या भाषणाची दुरुस्ती
(चाळिसाव्या वर्षाच्या स्नेहमेळाव्यातील भाषण)



संयोजकांनी मला 'वाचनाने मला काय दिलं' असा विषय दिला आहे आणि जेवण बरोबर एक वाजता आहे अशी प्रेमळ धमकीही दिली आहे. तेव्हा सरळ मुद्द्यावर येतो. मी आज नवीन काही सांगायला उभा नाही. पंधरा वर्षांपूर्वी तुम्हाला सांगितलेलं चुकलं होतं, ते दुरुस्त करायला उभा आहे.

२००८ च्या रौप्यमहोत्सवी मेळाव्यात मी एमिल नोल्डे या जर्मन चित्रकाराची गोष्ट सांगितली होती. कंपनीच्या कामासाठी दोन वर्षं हँबुर्गला राहून मी नुकताच परतलो होतो आणि सांगण्याची हौस दांडगी होती. ते भाषण तेव्हाच्या स्मरणिकेत छापूनही आलं. चित्रकलेच्या सरांनी पाठ थोपटली. मराठीच्या बाईंनी तर पुढे निवृत्त होईपर्यंत ती गोष्ट दरवर्षी नववीच्या वर्गाला सांगितली. बाई, तुम्ही आज समोर बसला आहात, म्हणून हे बोलणं जरा जड जातंय.

ज्यांना आठवत नसेल त्यांच्यासाठी ती गोष्ट थोडक्यात सांगतो.

नोल्डे जन्मला १८६७ साली, जर्मनी आणि डेन्मार्कच्या सीमाभागातल्या एका शेतकऱ्याच्या घरी. मूळ नाव एमिल हान्सेन. पुढे जन्मगावाचं नावच त्याने आडनाव म्हणून घेतलं. आधी लाकडावरचं कोरीवकाम शिकला, मग स्वित्झर्लंडमध्ये काही वर्षं शिकवलं आणि तिशीनंतर पूर्णवेळ चित्रकार झाला. तो अभिव्यक्तिवादी, म्हणजे एक्स्प्रेशनिस्ट. हा शब्द अवघड वाटतो, पण एलिमेंटरी-इंटरमिजिएटच्या परीक्षा दिलेल्यांना पटकन कळेल. सर आपल्याला वस्तुचित्र शिकवताना सांगायचे, 'जसं दिसतं तसं काढा, सावली कुठे पडते बघा.' हे चित्रकार म्हणाले, जसं आत वाटतं तसं काढा. मग आकाश लाल झालं तरी चालेल आणि चेहरा हिरवा झाला तरी चालेल. नोल्डेची खसखशीची फुलं बघा. ती नुसती लाल नाहीत, पेटलेली आहेत.

पुढे हिटलर आला. नोल्डेची १०५२ चित्रं जर्मनीतल्या संग्रहालयांतून जप्त झाली. एवढी दुसऱ्या कुठल्याच कलावंताची झाली नाहीत. १९३७ साली म्युनिकमध्ये 'अधःपतित कला' नावाचं प्रदर्शन भरवून आधुनिक चित्रकारांची टिंगल केली गेली, त्यातही त्याची चित्रं ठळकपणे टांगली होती. १९४१ मध्ये त्याच्यावर बंदी आली. आणि मी तुम्हाला सांगितलं की पोलीस घरी येऊन तपासणी करायचे. तैलरंगाचा वास आला तर पकडले जाऊ, म्हणून हा म्हातारा चित्रकार तळहाताएवढ्या कागदांवर जलरंगात चोरून चित्रं काढायचा. अशी तेराशेहून जास्त चित्रं. त्याने त्यांना नाव दिलं 'न रंगवलेली चित्रं'. तेव्हा सभागृहात टाचणी पडली तरी ऐकू आली असती. मलाही घसा खाकरावा लागला होता.

आता यातलं खरं काय? चित्रांची जप्ती खरी. म्युनिकचं प्रदर्शन खरं. १९४१ चा हुकूमही खरा. पण नोल्डे स्वतः नाझी होता. १९३४ साली त्याने आपल्या भागातल्या नाझी पक्षाचं सभासदत्व घेतलं होतं. मॅक्स पेखश्टाइन हा त्याचा एके काळचा सहकारी चित्रकार. तो ज्यू आहे असं नोल्डेने १९३३ मध्ये सरकारी अधिकाऱ्याच्या कानावर घातलं, आणि तेही खोटं होतं. चित्रं जप्त झाल्यावर त्याने गोबेल्सला पत्र लिहिलं. ते निषेधाचं नव्हतं; मी तुमचाच आहे, माझी कला जर्मनच आहे, अशी ती विनवणी होती. १९४१ च्या हुकमाने त्याचा व्यवसाय बंद झाला: चित्रं विकायची नाहीत, प्रदर्शनात लावायची नाहीत. घरात बसून चित्र काढायला मनाई त्यात नव्हती. आणि त्या छोट्या कागदांपैकी बरेच त्या बंदीच्या आधीचे आहेत.

तुम्ही विचाराल, मग तू आम्हाला ते सगळं कुठून सांगितलंस? पुस्तकांतूनच सांगितलं. आजचा विषय 'वाचनाने काय दिलं' हा आहे ना, तर वाचनाने मला हे दिलं. एकामागून एक तीन पुस्तकं मी वाचली होती आणि तिन्हींवर विश्वास ठेवला होता.

पहिलं त्याचं आत्मचरित्र. त्याचा दुसरा भाग १९३४ साली निघाला आणि त्यात ज्यूंविषयी विखारी मजकूर होता. युद्धानंतरच्या आवृत्तीत तो गाळला गेला. मी वाचली ती गाळलेली आवृत्ती.

दुसरं पुस्तक वेर्नर हाफ्टमान या कलासमीक्षकाचं. युद्धानंतरच्या जर्मनीत या माणसाचा शब्द प्रमाण होता. कासेल शहरात १९५५ पासून 'डॉक्युमेंटा' नावाची मोठी प्रदर्शनं सुरू झाली, त्यांच्या उभारणीतला हा महत्त्वाचा माणूस. १९६३ साली त्याने 'न रंगवलेली चित्रं' याच नावाने पुस्तक काढलं. चोरून काढलेल्या चित्रांची कथा घरोघर पोचली ती मुख्यतः या पुस्तकामुळे. हाफ्टमान स्वतः नाझी पक्षाचा सभासद होता, हेही पुढे संशोधकांनी बाहेर काढलं.

तिसरी कादंबरी, सीगफ्रीड लेन्त्स यांची 'डॉइचश्टुंडं', म्हणजे 'जर्मनचा तास'. १९६८ सालची. सुधारगृहातल्या एका मुलाला 'कर्तव्याचा आनंद' या विषयावर निबंध लिहायला बसवतात आणि त्याला आठवतो आपला पोलीस बाप, जो एका चित्रकारावरची बंदी इमानेइतबारे राबवत असतो. फार चांगली कादंबरी आहे, आजही म्हणेन. जर्मनीत पिढ्यान्‌पिढ्या ती शाळेत वाचली गेली. त्यातल्या चित्रकाराचं आडनाव आहे नान्सेन. नोल्डेचं मूळ आडनाव हान्सेन. एवढं साम्य पुरे झालं. लोकांनी कादंबरीतला माणूस उचलला आणि नोल्डेच्या घरात नेऊन बसवला. त्या लोकांत मीही होतो. एका रविवारी नीब्युलला जाणारी गाडी पकडून मी त्याचं झेब्युलचं घर बघायला गेलो होतो. बागेतल्या वाटा ए आणि ई या अक्षरांच्या आकारात आखल्या आहेत, बायको आडा आणि तो एमिल. त्या वाटांवरून फिरताना मला कादंबरीतला म्हातारा दिसत होता.

तीन पुस्तकं, पण साक्षीदार खरं तर एकच. समीक्षकाने चित्रकाराचं ऐकलं, कादंबरीने त्या कथेला रक्तमांस दिलं आणि मी टाळ्या घेतल्या. नोल्डेच्या पक्ष-सभासदत्वावर त्याआधीही काही अभ्यासकांनी बोट ठेवलं होतं. मी तिकडे वळलोच नाही, कारण माझी गोष्ट छान जमली होती.

ही गोष्ट इतकी सहज का पटली, याचा मी बराच विचार केला. अभिव्यक्तिवादी चित्राबद्दल आपण धरून चालतो की तो रंग थेट काळजातून आलाय. मग एवढा रंग ज्याच्या काळजात, तो माणूस वाईट कसा असेल? इथे गफलत होते. रंगात भावना खरी असू शकते आणि तीच व्यक्ती सहकाऱ्याची चुगलीही करू शकते. रंगातली तीव्रता म्हणजे माणसाच्या सचोटीचा दाखला नव्हे.

हे सगळं लख्ख झालं ते २०१९ मध्ये. नोल्डेच्या नावाने चालणाऱ्या प्रतिष्ठानने आपलं दप्तर अभ्यासकांना खुलं केलं होतं. बर्नहार्ड फुल्डा आणि आया झोइका या दोघांनी हजारो कागद वाचले आणि बर्लिनमध्ये प्रदर्शन भरलं. सोबतच्या ग्रंथात चित्रांच्या शेजारी पत्रं, तारखा, जुनी-नवी आवृत्ती, सगळं मांडलं आहे. त्या सुमारास चॅन्सेलर आंगेला मेर्केल यांनी आपल्या कार्यालयातली नोल्डेची दोन चित्रं परत केली आणि ती पुन्हा लावली नाहीत. मी तो ग्रंथ मागवला आणि शब्दकोश घेऊन तीन महिने वाचत बसलो. त्यात कुठेही आवाज चढलेला नाही. समीक्षा म्हणजे सुंदर शब्दांत केलेलं कौतुक, असं मला वाटायचं. कागद तपासणं, तारीख जुळवणं हीसुद्धा समीक्षा असते, हे मी पन्नाशीनंतर शिकलो.

माझी आणखी एक चूक आहे आणि ती मला जास्त लागते. २००८ च्या भाषणात मी नोल्डेसोबत मुंबईत आलेल्या काही माणसांची नावं घेतली होती. बर्लिनचा रुडॉल्फ फॉन लायडन १९३३ साली मुंबईत आला आणि टाइम्स ऑफ इंडियात कलासमीक्षा लिहू लागला. व्हिएन्नाचा चित्रकार वॉल्टर लँगहॅमर १९३८ साली आला. एमॅन्युएल श्लेसिंगर चित्रं विकत घेऊ लागले. सूझा, रझा, हुसेन, आरा, गाडे, बाकरे या तरुणांना या तिघांनी आधार दिला. हे तिघे नाझी राजवटीमुळे देश सोडून आले होते. आणि मी त्यांना आणि नोल्डेला एकाच रांगेत बसवलं. ज्यांचं घर गेलं ते, आणि ज्याने त्या राजवटीकडे जागा मागितली तो.

मग आता ती फुलं बघायची की नाही? माझ्या दिवाणखान्यात झेब्युलहून आणलेली एक छापील प्रत आहे. मी ती काढलेली नाही. ती अजूनही सुंदर दिसते. फक्त पाहुणे विचारतात तेव्हा मी आता पूर्ण गोष्ट सांगतो. चहा थोडा गार होतो.

शेवटचं, आणि हे चित्रकाराबद्दल नाही. त्याच २००८ च्या स्मरणिकेत मी आणखी एक लेख लिहिला होता, 'आमचा वर्ग, एक कुटुंब'. तो वाचून आपल्या वर्गातल्या एका मैत्रिणीने मला फोन केला. शांतपणे म्हणाली, "छान लिहिलंयस रे. पण मधल्या सुट्टीत माझा डबा तुमच्यापैकी कोणी कधी खाल्ला होता?" मी काहीतरी विनोद करून फोन ठेवला. नोल्डेच्या आत्मचरित्राची ती धुऊन काढलेली आवृत्ती कळली, तेव्हा पहिला आठवला तो हा फोन. मागच्या महिन्यात मी तिला फोन केला आणि चाळीस वर्षं उशिरा माफी मागितली. ती आज आलेली नाही. हे इथे बोलायला मी तिची परवानगी घेतली आहे.

यंदाच्या स्मरणिकेसाठी आपण सगळे आठवणी लिहिणार आहोत. खोड्या लिहा, सहली लिहा, सरांच्या छड्याही लिहा. फक्त जे गैरसोयीचं आहे ते गाळून दुसरी आवृत्ती काढू नका.

संपादक मंडळाला विनंती, हे भाषण तेवढं छापा. आणि ज्यांच्याकडे २००८ ची स्मरणिका असेल त्यांनी माझ्या लेखांच्या कडेला पेन्सिलने लिहून ठेवा: 'दुरुस्तीसाठी २०२३ ची स्मरणिका पाहा.' बाई, तुमच्या प्रतीवर मी आज स्वतः लिहून देईन.

एक वाजायला पाच मिनिटं आहेत.