पुकारा झाला तेव्हा आम्ही चहाला गेलो होतो

आमच्या गटातल्या एका बाईची गोष्ट आज सांगतो. तिला विचारूनच सांगतोय, नाव मात्र सांगत नाही.

नवरा गेल्यावर दिरानं बांध कोरत कोरत तिची पाच गुंठे जमीन आत घेतली. तिनं तालुक्याच्या दिवाणी कोर्टात ताब्याचा दावा लावला. दोन वर्षं नुसत्या तारखा. वकीलसाहेब म्हणायचे, "तुम्ही नाही आलात तरी चालेल." त्या दिवशी आम्ही दोघी तिच्यासोबत गेलो. वकीलसाहेब दुसऱ्या कोर्टात अडकलेले. आत उभं राहायला जागा नाही, म्हणून कडुनिंबाखाली बसलो, मग चहाला गेलो. तेवढ्यात शिपायानं पुकारा केला. दीर हजर, आपलं कुणीच नाही. जजसाहेबांनी दावा काढून टाकला. कोर्टाच्या आवारात असून आम्ही गैरहजर! कळलं तेही तीन आठवड्यांनी, तिच्या मुलानं मोबाइलवर केसचा नंबर टाकून पाहिला तेव्हा.

ती रडायलाच लागली, जमीन गेली म्हणून. पण तिचं म्हणणं खोटं ठरलं नव्हतं. ते मांडायलाच कुणी उठलं नाही, म्हणून दावा बंद झाला होता. दोन्ही बाजू गैरहजर असत्या तर नवा दावाही लावता आला असता. इथं दीर हजर होता, त्यामुळे त्याच कारणासाठी नवा दावा चालत नाही. तोच दावा परत सुरू करावा, असा अर्ज द्यावा लागतो. मुदत तीस दिवसांची, आणि ती दावा काढल्याच्या तारखेपासून मोजतात, आपल्याला कळलं त्या दिवसापासून नाही. मुदत टळली तर उशीर माफ करण्याचा वेगळा अर्ज द्यायचा आणि उशिराचं कारण पटवायचं. दवाखान्याची चिठ्ठी, एसटीचं तिकीट, असले कागद म्हणून जपून ठेवा.

आमच्या हातात नऊ दिवस होते. पैसे नव्हते. पण १९८७ च्या विधी सेवा कायद्यानं बाईला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. तालुका विधी सेवा समितीकडे गेलो. (१५१०० या नंबरावर फोन केला तरी माहिती मिळते.) तिनं घडलं ते प्रतिज्ञापत्रावर लिहून दिलं. दिराला पाचशे रुपये खर्च द्यायला लावून कोर्टानं दावा परत घेतला. ते पाचशे तिला फार लागले, पण दिले.

तुमच्यावर कुणी दावा लावला असेल आणि तुम्ही गेला नाहीत, तर तो एकतर्फी चालतो. एकतर्फी हुकूमनामा झाला तर तो रद्द करून घ्यायलाही तीसच दिवस. समन्स नीट बजावलंच नसेल, तर मात्र हुकूमनामा झाल्याचं कळल्यापासून मोजतात.

वकील "चालेल" म्हणतात, आमच्या मते चालत नाही. आता तिच्या तारखेला आमच्यातली एक तरी सोबत असते. आत भिंतीला टेकून उभ्या राहतो, चहा नंतर. निघताना पुढची तारीख कारकुनाकडून वहीत लिहून घेतो. शिपाई ओळखायला लागलाय. पुढची तारीख पोळ्यानंतर आहे.