तुमचं पॅकेज कोणतं?

(महिला कार्यकर्त्यांच्या शिबिरातील भाषणाचा संपादित भाग)



निवडणुकीत साड्या वाटल्या, दारू वाटली की आपण आवाज उठवतो. पण रोज सकाळी दारात पडणाऱ्या वर्तमानपत्रातून काय वाटलं जातं, ते आपण तपासत नाही.

ऑक्टोबर २००९ ची विधानसभा निवडणूक आठवा. तेव्हाचे मुख्यमंत्री अशोक चव्हाण भोकरमधून उभे होते. 'अशोकपर्व' म्हणून त्यांचं गुणगान करणारी पानंच्या पानं छापून आली. एकमेकांशी स्पर्धा करणाऱ्या तीन मराठी दैनिकांत एक लेख शब्दशः सारखा होता, हे पत्रकार पी. साईनाथ यांनी दाखवून दिलं. चव्हाणांनी दाखवलेला खर्च होता वर्तमानपत्रांतल्या जाहिराती ५,३७९ रुपये आणि केबल टीव्ही ६,००० रुपये! पैसे दिल्याचा आरोप त्यांनी नाकारला. २०१४ मध्ये निवडणूक आयोगाने हा हिशेब सदोष ठरवला, पण दिल्ली उच्च न्यायालयाने त्याच वर्षी आयोगाचा आदेश रद्द केला. तोवर आमदारकीची मुदत जवळजवळ संपलीच होती.

यात वाचकाची फसवणूक आहेच. मला जास्त बोचते ती दुसरी बाजू. आमच्या भागात बचत गटातून पुढे आलेली एक बाई उभी राहिली. एका स्थानिक पत्राच्या प्रतिनिधीने तिला सरळ विचारलं, "ताई, तुमचं पॅकेज कोणतं?" तिने नकार दिला. मग प्रचार संपेपर्यंत त्या पत्रात तिचं नावही आलं नाही. महाराष्ट्रात २०११ पासून स्थानिक स्वराज्य संस्थांत निम्म्या जागा आपल्यासाठी राखीव आहेत. पण पॅकेजचे पैसे बाईने आणायचे कुठून? नवऱ्याकडून, नाहीतर पक्षातल्या कुणा दादाकडून. निवडून आल्यावर तिने कुणाचं ऐकायचं, हेही तिथेच ठरून जातं.

आणि 'पेड न्यूज'चा खर्च लपवला म्हणून अपात्र ठरलेली देशातली पहिली आमदार कोण? एक बाईच. उत्तर प्रदेशातल्या बिसौलीच्या उमलेश यादव. पक्ष नवऱ्याने काढलेला. २००७ च्या निवडणुकीतले २१,२५० रुपये हिशेबात नव्हते. पराभूत उमेदवाराने तक्रार लावून धरली आणि ऑक्टोबर २०११ मध्ये आयोगाने त्यांना तीन वर्षांसाठी अपात्र ठरवलं. नियमाप्रमाणे योग्यच झालं. पण एवढ्याशा रकमेवर पकडली गेली ती कोण, हे माझ्या डोक्यातून जात नाही.

तक्रार आपणही करू शकतो. लोकसभा-विधानसभेच्या वेळी प्रत्येक जिल्ह्यात माध्यम प्रमाणन व संनियंत्रण समिती असते. (नाव बोजड आहे, घाबरू नका.) मजकूर पेड न्यूज ठरला तर त्याचा खर्च उमेदवाराच्या खात्यावर धरला जातो. गटाच्या बैठकीत दोन-तीन वर्तमानपत्रं शेजारी शेजारी ठेवून वाचा. सारखा मजकूर लगेच सापडतो. कात्रणावर तारीख आणि पान क्रमांक लिहा. केबलवरच्या कार्यक्रमाची वाहिनी आणि वेळही टिपून ठेवा.