रानअळंबीची ओळख आणि सचित्र मार्गदर्शिका

पावसाळ्यात जमिनीवर दिसणारी अळंबी हे कवकाचे फळ होय. कवकाचा खरा देह म्हणजे मातीत, कुजक्या लाकडात किंवा पालापाचोळ्यात पसरलेले बारीक तंतूंचे जाळे. ओल आणि उष्णता यांचा मेळ जमला की या जाळ्यातून फळ वर येते, बीजाणू सोडते आणि थोड्याच दिवसांत कुजून जाते. झाड ओळखणाऱ्याला खोड, पान, फूल आणि फळ असे अनेक पुरावे ऋतुमानाप्रमाणे मिळत राहतात. अळंबी ओळखणाऱ्याच्या हाती मात्र एकच अवयव येतो आणि तोही दिवसागणिक रूप पालटतो. कोवळेपणी अंड्यासारखी बंद असलेली अळंबी दुसऱ्या दिवशी छत्रीसारखी उघडते आणि तिसऱ्या दिवशी तिची कड फाटून रंग उडालेला असतो. सचित्र मार्गदर्शिका वापरताना येणाऱ्या बहुतेक अडचणींचे मूळ या अल्पायुष्यात आहे.

अशा पुस्तकाची गरज आणखी एका कारणाने भासते. खाद्य आणि विषारी अळंबी वेगळी करणारा एकही सर्वसाधारण नियम नाही. विषारी अळंबीने चांदीचा चमचा काळा पडतो, किडीने खाल्लेली अळंबी माणसालाही चालते, छत्राची साल सहज निघाली तर ती निर्धोक असते, उकळल्याने विष उतरते, असे समज अनेक देशांत आढळतात आणि ते सगळे चुकीचे आहेत. ‘डेथ कॅप’ म्हणजे अॅमॅनिटा फॅलॉइडीस या अळंबीतले विष शिजवल्याने किंवा वाळवल्याने नष्ट होत नाही. उलट्या-जुलाब सुरू होण्याआधी साधारणपणे सहा ते बारा तास निघून जातात. पुढे रुग्णाला बरे वाटू लागते आणि त्याच काळात यकृत निकामी होत असते. म्हणून प्रत्येक जाती स्वतंत्रपणे ओळखण्याला पर्याय नाही.

ही ओळख चित्रांतून करून देण्याची परंपरा अठराव्या शतकात युरोपात रुजली. फ्रान्समध्ये प्येर ब्युल्यार यांनी 1780 पासून वनस्पतींबरोबर अळंबीचीही रंगीत चित्रे छापली. इंग्लंडमध्ये जेम्स सॉवर्बी यांचा इंग्लिश कवकांच्या रंगीत आकृत्यांचा ग्रंथ 1797 पासून खंडशः निघू लागला. लोकांना खाद्य आणि विषारी जातींतला फरक प्रत्यक्ष दिसावा म्हणून सॉवर्बींनी अळंबीच्या प्रतिकृतीही घडवल्या. स्वीडनचे एलियास फ्रीस यांनी 1821 पासून प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात बीजाणूंच्या रंगाला वर्गीकरणात महत्त्वाचे स्थान दिले. आजच्या मार्गदर्शिकांची मांडणी बऱ्याच अंशी त्या पायावर उभी आहे. 1981 साली ब्रिटनमध्ये रॉजर फिलिप्स यांचे छायाचित्रांचे पुस्तक आले. त्यात एकाच जातीचे कोवळे, पक्व, उलटे ठेवलेले आणि उभे चिरलेले नमुने साध्या पार्श्वभूमीवर शेजारी-शेजारी मांडलेले होते.

रंगचित्र आणि छायाचित्र यांची कामे वेगवेगळी आहेत. चित्रकार अनेक नमुने पाहून त्या जातीचे प्रातिनिधिक रूप काढतो. महत्त्वाचे लक्षण तो ठळक करतो आणि एखाद्या नमुन्यापुरती असलेली विकृती गाळतो. छायाचित्रात एका दिवशी, एका उजेडात दिसलेली एकच अळंबी असते. तिचा पोत आणि परिसर त्यात हुबेहूब उतरतो, पण त्या जातीत किती विविधता असते हे कळत नाही. जोराच्या सरीने छत्रावरचे खवले धुऊन जातात, उन्हाने रंग फिकटतो आणि जमिनीवरचा नमुना पुस्तकातल्या फोटोशी जुळेनासा होतो. उलट, नको तिथे जुळण्याचा धोका याहून मोठा असतो. म्हणूनच चांगल्या मार्गदर्शिकेत चित्राइतकेच वजन मजकुराला असते.

अशा पुस्तकाचे साधारणपणे चार भाग पडतात. सुरुवातीला ओळख-कुंजी असते. प्रत्येक पायरीवर दोन पर्याय देऊन ती वाचकाला गटापर्यंत नेते. छत्राखाली कल्ले आहेत की बारीक छिद्रे, दांड्यावर कडे आहे की नाही, बुंध्याशी पिशवी आहे की नाही, अशा क्रमाने ती पुढे सरकते. त्यानंतर चित्रे आणि जातिवर्णने येतात. वर्णनात मापे, गंध, चिरल्यावर होणारा रंगबदल, ऋतू आणि अधिवास यांची नोंद असते. चौथा भाग म्हणजे सारख्या दिसणाऱ्या जातींची तुलना, आणि सर्वांत अधिक मोलाचा भाग हाच. नवखा वाचक चित्रे चाळत साम्य शोधतो आणि पहिल्या साम्यावर थांबतो. जाणकार कुंजीपासून सुरुवात करतो, चित्रावरून अंदाज बांधतो आणि मग तो अंदाज खोटा ठरवणारे लक्षण वर्णनात शोधतो. चित्रामुळे नाव सुचते. नाव पक्के होते ते बाकीच्या सगळ्या शक्यता वगळल्यावर.

हे वगळण्याचे काम नमुना नीट गोळा केला असेल तरच साधते. अळंबी दांड्यातून तोडली तर बुंध्याशी असलेली पिशवी मातीतच राहते आणि अॅमॅनिटा गटाची मोठी खूण हरवते. म्हणून सभोवतालची माती सैल करून नमुना बुडासकट काढावा लागतो. शक्य तेथे कोवळा, मध्यम आणि पक्व असे वेगवेगळ्या वयांचे नमुने घेतले जातात. प्लास्टिकच्या पिशवीत ते घामेजून कुजतात. टोपलीत किंवा कागदात वेगवेगळे ठेवले तर टिकतात. अळंबी जमिनीवर होती, लाकडावर होती की शेणावर, जवळ कोणते झाड होते आणि ताजेपणी रंग व गंध कसा होता, हे जागेवरच लिहून ठेवायचे असते.

घरी आल्यावरची मुख्य चाचणी म्हणजे बीजाणूंचा ठसा. दांडा कापून छत्र, कल्ले खाली येतील असे, अर्ध्या पांढऱ्या आणि अर्ध्या काळ्या कागदावर ठेवतात आणि वर वाटी झाकतात. काही तासांत, फार तर एका रात्रीत, कागदावर बारीक भुकटी पडते. तिचा रंग पांढरा, गुलाबी, गंजासारखा तपकिरी, चॉकलेटी, काळा किंवा क्वचित हिरवट असतो. कल्ल्यांच्या रंगावरून हा रंग ठरवता येत नाही. पावसाळ्यात हिरवळीवर उगवणाऱ्या क्लोरोफायलम मोलिब्डायटीसचे कल्ले कोवळेपणी पांढरे असतात आणि तिचे मोठे खवलेदार छत्र खाद्य ‘पॅरासोल’ अळंबीसारखे दिसते. पण तिचा ठसा हिरवट पडतो, तर पॅरासोलचा पांढरा ते फिकट पिवळसर. क्लोरोफायलम खाल्ल्यास पोटाचा तीव्र त्रास होतो.

मार्गदर्शिका कोणत्या प्रदेशासाठी लिहिली आहे, हा प्रश्नही जीवनमरणाचा ठरू शकतो. आग्नेय आशियात भाताच्या पेंढ्यावर वाढणारी व्होल्व्हॅरिएला व्होल्व्हॅसिया आवडीने खाल्ली जाते. तिथून कॅलिफोर्निया आणि ऑस्ट्रेलियात गेलेल्या लोकांना ओकच्या झाडांखाली तशीच अंड्यासारखी, बुंध्याशी पिशवी असलेली अळंबी दिसली आणि ओळखीची समजून खाल्ली गेली. ती डेथ कॅप होती, युरोपातून त्या भूभागांत पोहोचलेली. पूर्ण वाढलेल्या नमुन्यांत भेद स्पष्ट आहे. पेंढ्यावरच्या अळंबीला कडे नसते आणि तिचा ठसा गुलाबीसर पडतो. डेथ कॅपच्या दांड्यावर कडे असते आणि ठसा पांढरा पडतो. बंद कळीत यांतले काहीच बाहेरून दिसत नाही. खाण्यासाठी कळी कधीच घेऊ नये, हा नियम यातून येतो. या लोकांचे मूळ प्रदेशातले ज्ञान खोटे नव्हते, ते परक्या भूमीत लागू पडले नाही.

पुस्तकाचे वयही पाहावे लागते. पॅक्सिलस इन्व्होल्युटस ही अळंबी मध्य आणि पूर्व युरोपात शिजवून खाल्ली जाई. 1944 साली जर्मन कवकशास्त्रज्ञ युलियस शेफर यांचा ती खाल्ल्यानंतर मृत्यू झाला. ट्रायकोलोमा इक्वेस्ट्रे ही फ्रान्समध्ये उत्तम मानली जात होती. ती वारंवार खाणाऱ्यांत स्नायूंची गंभीर हानी आणि काही मृत्यू झाल्याचे 2001 साली प्रसिद्ध झाले. जुन्या आवृत्तीतला ‘खाद्य’ हा शेरा म्हणूनच ताज्या पुस्तकाशी पडताळून घ्यावा लागतो. डीएनए-अभ्यासामुळे नावेही बदलली आहेत. जुने आणि नवे नाव एकाच जातीचे आहे ना, हे समानार्थी नावांच्या सूचीत पाहता येते.

महाराष्ट्र आणि गोव्यात हे सारे मुद्दे एकत्र येतात. इथल्या लोकांची सर्वांत लाडकी रानअळंबी वारुळांवर उगवते. टर्मिटोमायसीस गटातल्या या अळंबीला कोकणात अळंबी, गोव्यात अळमी आणि विदर्भात सात्या म्हणतात. वाळवी वारुळात कवकाची शेती करते आणि त्या शेतीतून हे फळ वर येते. त्याचा मुळासारखा लांब दांडा खाली वाळवीच्या कवकबागेपर्यंत गेलेला असतो. कवक पिकवणारी वाळवी फक्त आफ्रिका आणि आशियात आहे, त्यामुळे युरोपच्या पुस्तकांत हा गट सापडतच नाही. त्या पुस्तकांतल्या ओक, बर्च आणि पाइन यांच्या खुणाही सह्याद्रीच्या रानात निरुपयोगी ठरतात. इथल्या अभ्यासकाला परदेशी मार्गदर्शिकेतून पद्धत शिकता येते, म्हणजे कुंजी कशी चालवावी, ठसा कसा घ्यावा आणि वर्णन कसे लिहावे. जातीचे नाव मात्र इथल्या संशोधनातून आणि इथल्या जाणकारांकडूनच घ्यावे लागते. आदिवासी आणि गावकरी जागा, ऋतू आणि जाती यांचे जे बारकावे जाणतात, त्यांची शास्त्रीय नोंद होणे हे या प्रदेशाच्या भावी मार्गदर्शिकेचे पहिले काम आहे.

अनेक जाती डोळ्यांनी वेगळ्या करताच येत नाहीत. तिथे सूक्ष्मदर्शकाखाली बीजाणूंचा आकार मोजावा लागतो. असा नमुना मंद उष्णतेवर वाळवून, छायाचित्र, ठसा, स्थळ आणि दिनांक यांसह जपला जातो. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेतील अजरेकर कवकसंग्रहासारख्या ठिकाणी असे नमुने सांभाळले जातात आणि पुढच्या अभ्यासकाला ओळख पुन्हा तपासता येते. मार्गदर्शिकेच्या आधारे केलेली ओळख इथवर नेता आली तर ती ज्ञानात भर घालते. ती पूर्ण होत नसेल तर ‘गट कळला, जात अनिश्चित’ अशी नोंद करणे हेही बिनचूक काम आहे. खाण्याचा प्रश्न असेल तर नियम याहून कडक आहे: ताजा, संपूर्ण नमुना त्या भागातल्या अनुभवी जाणकाराने हातात घेऊन पाहिलेला नसेल, तर केवळ पुस्तकाच्या भरवशावर कोणतीही रानअळंबी खाऊ नये.