ओझ्याच्या गाडीचे ऑइल



शेतकरी बंधुभगिनींनो, गाडीवाल्या मंडळींनो आणि शिक्षक मित्रांनो, दिवाळीच्या सुमारास आपल्या यवतमाळ जिल्ह्यात कापसाची वेचणी भरात येते आणि रस्त्यांचे रूप पालटते. एकेकाळी कापूस बंडीत भरून बाजाराला जाई आणि पुढे शकुंतला रेल्वेने मूर्तिजापूरकडे रवाना होई. आज वणी, राळेगाव, घाटंजी, पांढरकवडा यांपैकी कोणत्याही रस्त्याला उभे राहा, शिगोशीग भरलेल्या पिकअप जिनिंगकडे चाललेल्या दिसतील. त्यांतल्या पुष्कळशा डिझेलवर चालतात, काही पेट्रोलवर. या पेट्रोलवरच्या मालगाडीचे ऑइल केव्हा आणि कसे बदलावे, एवढाच आजचा विषय.

बंडीच्या आसाला वंगण नसले तर चाक कुरकुरते, आणि ती कुरकुर दोन शेतांपलीकडे ऐकू येते. इंजिनाचे तसे नाही. ते आतल्या आत झिजते, आणि त्याचा आवाज आपल्या कानी येतो तेव्हा बहुधा वेळ गेलेली असते. मग ऐन हंगामात गाडी दारात उभी राहते. गाडी उभी राहिली म्हणून कर्जाचा हप्ता काही थांबत नाही!

आता पहिला प्रश्न, बदलायचे केव्हा? गाडीच्या पुस्तिकेत दोन आकडे दिलेले असतात, किलोमीटर आणि महिने. यांतले जे आधी भरेल ते धरायचे. पण बरं का, किलोमीटरचा काटा सगळे सांगत नाही. जिनिंगच्या फाटकापाशी रांगेत गाडी तासभर इंचाइंचाने सरकते. काटा जागच्या जागी असतो, इंजिन मात्र चालूच असते. शिवाय पौषातल्या गार सकाळी शेतातून गावापर्यंत दोन-तीन किलोमीटरची खेप केली, तर इंजिन पुरते तापतच नाही. अशा वेळी थोडे न जळलेले पेट्रोल आणि पाण्याची वाफ ऑइलात उतरते व ते पातळ होते. त्यात भर पडते पांदणीच्या धुळीची आणि पाठीवरच्या ओझ्याची. म्हणून बऱ्याच पुस्तिकांमध्ये धूळ, जड ओझे आणि थांबत-थांबत चालणे यांसाठी वेगळा, कमी अंतराचा तक्ता दिलेला असतो. आपल्या मालगाडीला तोच लागू, असे समजा.

ऑइल काळे झाले म्हणजे बाद झाले, असा एक समज आहे. तो खरा नाही. चांगले ऑइल काजळी स्वतःत धरून ठेवते, म्हणूनच काळे होते. चिंता करायची ती पट्टीवर दुधाळ ऑइल दिसले तर. त्याचा अर्थ आत पाणी शिरले आहे. पावसाळ्यात नाल्याच्या पुरातून गाडी काढली असेल आणि ऑइल दुधाळ झाले असेल, तर इंजिन चालू करू नका, मेकॅनिकला बोलवा.

दुसरा प्रश्न, कोणते घालायचे? डब्यावर ५डब्ल्यू-३० असे काही लिहिलेले असते. पहिला आकडा थंडीत ऑइल किती सहज वाहते ते सांगतो, दुसरा तापल्यावर ते किती दाट राहते ते. ‘आपल्याकडे ऊन फार, तर दाटच घाला’ असा सल्ला कोणी दिला तरी पुस्तिकेतलाच आकडा पाहा. डब्यावरील प्रतीच्या खुणेत एस हे अक्षर पेट्रोल इंजिनासाठी असते, सी डिझेलसाठी. ट्रॅक्टरचे उरलेले ऑइल गाडीत ओतून काम भागवू नये.

आता कृती. गाडी सपाट जागी लावा, हातब्रेक ओढा, चाकांना दगड द्या. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली कधीही शिरू नका. इंजिन पाच मिनिटे चालवून कोमट करा, म्हणजे गाळ ऑइलाबरोबर निघून येतो. फार तापवाल तर हात भाजेल. इंजिन बंद करा, वरचे झाकण उघडा, खाली घमेले ठेवा आणि चेंबरचा नट सोडवा. शेवटचा थेंब गळेपर्यंत धीर धरा. फिल्टरही बदला. जुन्या फिल्टरची रबरी कडी इंजिनालाच चिकटून राहिली नाही ना, ते पाहा. नव्या कडीला बोटाने ताजे ऑइल लावा आणि फिल्टर हातानेच आवळा. नटाला नवा वायसर घाला, पण पान्यावर सगळा जोर टाकू नका. आटे गेले तर चेंबरच बदलावे लागते. मग पुस्तिकेतल्या मापाहून थोडे कमी ऑइल ओता. इंजिन क्षणभर चालवा. ऑइलचा लाल दिवा विझला पाहिजे. बंद करून काही मिनिटांनी पट्टी पाहा. दोन खुणांच्या मधे असावे. जास्त ऑइल म्हणजे जास्त रक्षण नव्हे. त्याला फेस येतो आणि वंगण कमी पडते.

एवढ्याने काम संपले का? नाही. घमेल्यात काळे ऑइल उरलेच आहे. ते धुऱ्यावर, नाल्यात किंवा विहिरीच्या काठाला ओतू नका. बेंजामिन फ्रँकलिनने इंग्लंडमधल्या एका तळ्यावर चमचाभर तेल टाकले, ते सुमारे अर्ध्या एकरावर पसरले. ही हकीकत १७७४ साली छापून आली. मग चार लिटर काळे ऑइल किती पाणी नासवील, याचा हिशेब शिक्षकांनी वर्गात मुलांकडून करून घ्यावा. या ऑइलात जळणातून आलेली घातक द्रव्ये असतात. ते अंगाला लागू देऊ नका, हात साबणाने धुवा. त्याची चिंधी नि डबा गाडीच्या हौद्यात टाकू नका. त्याच हौद्यात उद्या कापूस भरायचा आहे, आणि तेलाचा डाग पडलेल्या कापसाचा भाव उतरतो.

मग करायचे काय? झाकणाच्या डब्यात ते वेगळे साठवा, त्यात पाणी किंवा रॉकेल मिसळू नका, आणि जुने ऑइल रीतसर गोळा करणाऱ्या गॅरेजात द्या. हे ऑइल शुद्ध करून पुन्हा वापरता येते. १ एप्रिल २०२४ पासून लागू झालेल्या केंद्राच्या नियमांनी त्याच्या पुनर्वापराची जबाबदारी वंगण बनवणाऱ्या आणि आयात करणाऱ्या कंपन्यांवर टाकली आहे. पण आपला डबा गॅरेजापर्यंत नेणे आपल्याच हाती आहे.

पोळ्याच्या आदल्या दिवशी आपण बैलाचे खांदे तूप-हळदीने मळतो. वर्षभर ओझे ओढणाऱ्याची ती कदर असते. गाडीला सण नाही. तेव्हा दर आठवड्याला एकदा, गाडी थंड असताना, पट्टी ओढून पाहायची सवय लावा. तारीख आणि किलोमीटर दाराच्या आतल्या बाजूला खडूने लिहा. दोन मिनिटांचे काम आहे, पण हंगाम त्यावर तरतो.