पुसावें काय, राखावें काय

वैशाखांतील दुपारीं चंद्रपूर शहराचे रस्ते ओस पडतात. पारा ४५ अंशांच्या पुढें गेलेला असतो. कांहीं वर्षीं तर त्यानें ४७ अंशांचीही मर्यादा ओलांडली आहे. शाळांना सुटी, अंगणांत पाऊल ठेवण्याची सोय नाहीं, आणि घरांत कूलरच्या घरघरीवांचून दुसरा आवाज नाहीं. अशा वेळीं मुलें हातांत मावणाऱ्या गेमच्या यंत्राभोवतीं जमतात, आणि अशाच एखाद्या दुपारीं त्या यंत्राच्या पडद्यावर निरोप उमटतो कीं, नवा गेम ठेवण्यास जागा उरलेली नाहीं. थोरला नव्या गेमसाठीं हट्ट धरतो. धाकटीचें म्हणणें, माझ्या गेमला हात लावूं नका. शेवटीं वडील यंत्र हातीं घेतात. "आण इकडे, नको तें काढून टाकूं म्हणजे झालें," असें म्हणून ते दोन-चार ठिकाणीं बोट टेकवितात, आणि पुढच्या पांच मिनिटांत घरांत रडारड सुरू होते. एका खेळण्यासाठीं एवढा आकांत कशाला, असें वडिलांना वाटतें. परंतु धाकटीचें दुःख खेळणें गेल्याचें नसतेंच. सहा महिने रोज थोडेंथोडें करून तिनें त्या गेममध्यें जें घर बांधिलें, जी बाग लाविली, जे टप्पे पार केले, तें सारें नाहींसें झालेलें असतें. गेम पुन्हां आणितां येईल. ते सहा महिने कोठून आणावयाचे?

ही तक्रार घरोघरीं होते, आणि तिचें मूळ एका साध्या गैरसमजांत आहे. यंत्रांत "गेम" या एकाच नांवाखालीं दोन अगदीं निराळ्या वस्तु साठविलेल्या असतात. एक म्हणजे स्वतः गेम, कंपनीनें तयार केलेला, लाखों घरीं एकसारखा असणारा. दुसरी म्हणजे खेळणाऱ्यानें त्यांत केलेली प्रगति, जिला मुलें "सेव्ह" म्हणतात. पहिली वस्तु छापील ग्रंथासारखी आहे. हरवली तर दुसरी प्रत मिळते. दुसरी त्या ग्रंथाच्या समासांत स्वतःच्या हातानें लिहिलेल्या टिपणांसारखी आहे. तिची प्रत जगांत कोणाकडेही नसते. यांतील चमत्कारिक भाग असा कीं, जागा व्यापते ती पहिलीच वस्तु. निन्टेंडो कंपनीचा २०१७ सालचा "झेल्डा" मालिकेंतील प्रसिद्ध गेम सुमारे १४ जी.बी. जागा घेतो. उलट एखाद्या खेळाडूची वर्षभराची प्रगति बहुधा कांहीं मेगाबाइटांतच मावते. म्हणजे सेव्ह पुसून जागा मिळविणें हें धान्याची कोठी मोकळी करण्यासाठीं देव्हाऱ्यांतील निरांजन बाहेर फेकण्यासारखें आहे. जागा तर होत नाहीं, आणि जें जावयाचें तें जातें.

मग वडिलांच्या हातून तेंच कसें पुसलें जातें? याचें कारण असें कीं, ही प्रगति कोठें ठेवावयाची याचा निर्णय प्रत्येक यंत्रानें निराळा केला आहे. १९८९ सालीं निघालेल्या "गेम बॉय" यंत्रांत यंत्राला स्वतःची अशी साठवण नव्हतीच. गेम कॅसेटींत असे, आणि ज्या गेममध्यें प्रगति राखण्याची सोय होती, त्याच्या कॅसेटींतच एक बटणाएवढा सेल बसविलेला असे. त्या सेलच्या बळावर ती प्रगति जिवंत राही. कांहीं वर्षांनीं सेल संपला कीं ती आपोआप नाहींशी होई. कोणी पुसावयाची गरज नसे. सोनीच्या "पी.एस.पी." यंत्रांत गेम लहान तबकडीवर येई अथवा कार्डावर उतरवितां येई, आणि सेव्ह त्याच कार्डावर, पण वेगळ्या खणांत ठेविली जाई. त्यामुळें गेम काढिला तरी सेव्ह मागें राही. निन्टेंडोच्या "थ्री-डी-एस"मध्यें याच्या उलट प्रकार होता. डाऊनलोड केलेला गेम काढतांना, सेव्हची प्रत राखून गेम काढावयाचा कीं सेव्हसकट काढावयाचा, असा प्रश्न यंत्र विचारी. घाईनें दुसरें उत्तर दिलें कीं दोन्ही गेलीं. पुढें २०२३ सालच्या मार्च महिन्याच्या २७ तारखेस त्या यंत्राच्या दुकानांतील नवी खरेदी कंपनीनें कायमची बंद केली. ही गोष्ट ध्यानांत ठेवण्यासारखी आहे. जें दुकान आज उघडें आहे तें मूल मोठें होईपर्यंत उघडें असेलच, असें नाहीं.

आज पुष्कळ घरांत दिसणारें "स्विच" हें यंत्र २०१७ च्या मार्चांत निघालें, आणि जागेची तक्रार त्याच्याविषयींच अधिक ऐकूं येते. त्याची अंगची साठवण ३२ जी.बी. त्यांतून यंत्राचा स्वतःचा कारभार वजा केला कीं घरच्यांच्या वाट्यास सुमारे २६ जी.बी. येते. वर सांगितलेल्या मापाचे दोन गेम देखील त्यांत मावत नाहींत. २०२१ सालच्या सुधारलेल्या नमुन्यांत ही साठवण ६४ जी.बी. झाली आणि २०२५ च्या जूनमध्यें आलेल्या "स्विच २" मध्यें २५६ जी.बी.; परंतु तेवढ्यांत गेमही फुगले, त्यामुळें सुख फार दिवस टिकेल असें दिसत नाहीं. स्विचमध्यें गेम काढण्याचे दोन मार्ग आहेत. एकानें गेमचा मजकूर जातो, पण त्याचें चित्र पडद्यावर राहतें आणि त्याला स्पर्श करतांच गेम पुन्हां उतरूं लागतो. याला यंत्र "आर्काइव्ह" म्हणतें. दुसऱ्यानें, म्हणजे "डिलीट सॉफ्टवेअर" केल्यानें, चित्रही जातें. या दोन्ही मार्गांनीं सेव्ह सुरक्षित राहते. ती पुसण्याचा पर्याय निराळ्या ठिकाणीं, यंत्राच्या "डेटा मॅनेजमेंट" या यादींत आहे, आणि जागेचा शोध घेत वडील नेमके तेथेंच पोहोंचलेले असतात. यंत्र एकदां विचारतें, खात्री आहे ना? आधींच उकाड्यानें त्रासलेला माणूस "हो" म्हणतो.

याहून फसवी गोष्ट "यूजर"ची. एकाच यंत्रावर घरांतील प्रत्येकाचें नांव निराळें नोंदवितां येतें, आणि प्रत्येकाची प्रगति त्याच्या नांवाशीं बांधिलेली असते. सुटींत आलेल्या मावसभावाचें नांव आतां कशास हवें म्हणून तें काढिलें, तर त्याची सर्व गेममधील सर्व प्रगति त्याबरोबर जाते. पुढच्या दिवाळींत तो येतो, यंत्र उघडतो, आणि मग घरांतील मंडळींना एकमेकांची तोंडें पाहावीं लागतात.

येथवर सांगितलेलें मुंबईच्या घरालाही तितकेंच लागू आहे. परंतु मुंबईचा माणूस "गेम काय, पुन्हां उतरवितां येतो" असें सहज म्हणतो, तें चंद्रपूर-गडचिरोलीकडे तितक्या सहजतेनें म्हणतां येत नाहीं. हिशेब मांडून पाहावा. १४ जी.बी.चा गेम सेकंदाला २० मेगाबिट या वेगानें सुमारें दीड तासांत उतरतो. तोच वेग २ मेगाबिटांवर आला कीं पंधरा तासांहून अधिक लागतात. आणि घरांत तारेचें इंटरनेट नसून फोनवर दिवसाला दीड जी.बी. मिळत असेल, तर दुसऱ्या कशासही डेटा न वापरतां तो गेम दहाव्या दिवशीं पुरा होतो. आर्काइव्ह केलेल्या गेमचें चित्र पडद्यावर दिसत असतें खरें, पण तें ताटाच्या चित्रासारखें. त्यानें भूक भागत नाहीं.

चंद्रपूर शहरांत, बल्लारपुरांत, वरोऱ्यास ही अडचण बेताची आहे. १९८२ सालच्या ऑगस्टांत चंद्रपुरापासून वेगळा निघालेला गडचिरोली जिल्हा बहुतांशीं अरण्यानें व्यापलेला आहे, आणि जसजसें दक्षिणेस आलापल्लीच्या पुढें जावें तसतसा फोनचा विश्वास कमी होत जातो. पर्लकोटा, पामुलगौतमी आणि इंद्रावती या नद्यांच्या संगमाशीं वसलेल्या भामरागडचें उदाहरण सर्वांच्या परिचयाचें आहे. पर्लकोटेचा पूर चढला कीं गांवाचा संपर्क तुटल्याची बातमी पावसाळ्यागणिक येते, आणि अशा दिवसांत वीज व फोन हींही भरंवशाचीं राहत नाहींत. गेल्या कांहीं वर्षांत नवे मनोरे पुष्कळ उभे राहिले. तथापि बदलीवर तेथें गेलेल्या शिक्षकाच्या वा डॉक्टरच्या घरीं, जुलै महिन्यांत पुसलेला गेम ऑगस्टांतही परत न येणें मुळींच अशक्य नाहीं. मुलाला बाहेर जातां येत नाहीं ते नेमके हेच दिवस.

या अरण्यांतील माणसाला खरें पाहतां यांत नवें कांहीं सांगावयास नको. बल्लारपूरच्या कागदगिरणीला ज्या रानांतून बांबू जात असे, तेथें तोडीचा नियम ठरलेला होता. जून काठ्या काढाव्या, कोवळे वास्ते सोडावे, आणि भुईंतील कंदाला तर धक्काही लावूं नये. कंद राहिला तर बेट पुन्हां उभें राहतें. सेव्ह हा कंद आहे. मात्र बांबूला वर येण्यास पाऊस लागतो, आणि गेमला परत येण्यास पाऊस नसलेला बरा.

या यंत्रांपैकीं अनेक परदेशांतील काका-मामांनीं आणिलेलीं असतात, ही आणखी एक गांठ. गेम ज्या खात्यावर विकत घेतला, त्याच खात्यावरून तो पुन्हां उतरवितां येतो. मामानें आपल्या खात्यावर चार गेम घालून यंत्र भाच्याला दिलें असेल, तर भाच्यानें गेम पुसल्यावर एखादे वेळीं अमेरिकेंत फोन करून मामाला झोपेंतून उठवावें लागतें. म्हणून खातें कोणाचें, हें पुसण्याआधींच विचारलेलें बरें.

यावर सर्वांना सुचणारा उपाय म्हणजे मोठें मेमरी कार्ड, आणि तो योग्यच आहे. परंतु त्यासंबंधीं दोन-तीन गोष्टी समजून घ्याव्या. कार्डावर ३२ जी.बी. लिहिलेलें असतां संगणक सुमारें ३०च दाखवितो, त्यांत दुकानदाराची लबाडी नसते. विकणारा हजाराच्या पटीनें मोजतो, संगणक १०२४ च्या पटीनें. एवढाच तो फरक. लबाडी असते ती निराळ्या ठिकाणीं. नामांकित कंपनीचें नांव छापलेलीं, अर्ध्या किंमतींत मिळणारीं मोठ्या आंकड्याचीं कार्डें पुष्कळदां खोटीं असतात. आंत जागा लहान असते, पण कार्ड स्वतःविषयीं मोठा आंकडा सांगतें, आणि खरी जागा संपली कीं जुन्या मजकुरावर नवा लिहूं लागतें किंवा नवा हरवितें. कार्ड घेतल्यावर तें संगणकावर एकदां पूर्ण भरून, भरलेलें सर्व उघडतें कीं नाहीं हें पाहणें, हीच त्याची परीक्षा. दुसरें असें कीं, २०२० सालच्या एप्रिलपासून स्विचमधील गेम यंत्रांतून कार्डावर आणि कार्डावरून यंत्रांत हलवितां येतात. त्यास इंटरनेट लागत नाहीं, म्हणून या भागाला ही सोय फार मोलाची आहे. परंतु सेव्ह कार्डावर जात नाहीं; ती यंत्राच्या पोटांतच राहते. कार्ड हरवलें तर गेम गेले, प्रगति शाबूत. यंत्र फुटलें तर प्रगति गेली, कार्ड खिशांत. वर्गणी भरून सेव्हची प्रत कंपनीकडे ठेवण्याची सोय आहे, मात्र कांहीं गेमना ती लागू नाहीं, आणि आंत धाकटीचा गेम असेल तर तें आधींच पाहिलें पाहिजे. शिवाय स्विच हें यंत्र ३५ अंशांपर्यंतच्या हवेंत वापरावें असें कंपनी सांगते. चंद्रपूरच्या मे महिन्याला हा आंकडा ऐकून हंसूं येईल. निदान यंत्र खिडकींत वा मोटारींत तापत ठेवूं नये.

आतां पुन्हां त्या पहिल्या दुपारकडे. तेंच घर, तेंच यंत्र. फक्त वडिलांनीं पुसण्यापूर्वीं मुलांना समोर बसविलें आहे. यादी आकारानें मोठ्यापासून लहानाकडे लाविली. वर आलेल्या तीन गेमपैकीं एक थोरल्यानें मागील वर्षींच संपविलेला. तो आर्काइव्ह झाला. दुसरा कॅसेटीवरचा, पण त्याच्या नंतरच्या सुधारणा यंत्रांत साठलेल्या. त्या कार्डावर हलविल्या. तिसरा धाकटीचा, त्याला कोणी हात लाविला नाहीं. जमलेलीं चित्रें आणि अर्ध्या मिनिटाच्या फिती कार्डावर गेल्या. सेव्हच्या यादींत कोणी शिरलेंच नाहीं. मृगाला अजून पंधरा दिवस आहेत, तोंवर पावसाळ्यांत खेळावयाचे गेम कोणते हें ठरवून ते उतरवून ठेवावयाचे, असें ठरलें. थोरल्याचा नवा गेम अडीच जी.बी.चा निघाला. सकाळीं फोनच्या हॉटस्पॉटवर तो उतरण्यास लाविला. दुपारीं पडद्यावर ६० टक्के दिसले, आणि त्या दिवसाचा डेटा संपला. उरलेले ४० टक्के उद्यां.