आपल्या रानातील शिसव

श्रोते हो, एखादा गडी रंगाने काळाभोर आणि अंगाने टणक असला, तर आपण म्हणतो, 'शिसवासारखा आहे बघा.' शिसवी देव्हारा, शिसवी पलंग, शिसवी पाट ही नावे आपल्या घरोघरी ऐकू येतात. पण हे लाकूड देणारे झाड रानात उभे असलेले आपल्यापैकी किती जणांनी पाहिले आहे? चंद्रपूर आणि गडचिरोली जिल्ह्यांच्या जंगलात ते साग, ऐन, बिजा यांच्या सोबतीने वाढते. कोणी त्याला शिसव म्हणतो, कोणी शिसवी, कोणी शिसम. दिवसेंदिवस ते विरळ होत चालले आहे, म्हणून आज त्याच्याविषयी चार गोष्टी सांगतो.

आधी ओळख करून घेऊ. शिसवाच्या एका देठावर पाच-सात पानोळ्या असतात. त्या रुंद, गोलसर, टोकाला बोथट, आणि समोरासमोर न येता एक इकडे, एक तिकडे अशा लागतात. बिज्याची पाने पुष्कळशी अशीच, त्यामुळे फसगत होते. तेव्हा शेंग पाहावी. बिज्याची शेंग चपटी, गोल, भोवती पंखासारखी कड असलेली. शिसवाची लांबट, पातळ, आत एक ते चार बिया. शिवाय बिज्याची साल खरवडली की लाल डिंक गळतो. रस्त्याकडेला लावतात तो शिसू शिसवाचाच भाऊबंद, पण त्याच्या पानोळीला टोक असते.

आता लाकडाकडे वळू. शिसवाचे लाकूड जन्मतः काळे नसते, बरं का! बाहेरचा भाग पिवळट-पांढरा असतो. त्यातून मुळांचे पाणी वर चढते. झाडाचे वय वाढते तसे आतले थर हे काम सोडतात, त्यांत रंगद्रव्ये साठतात, आणि जांभळट-तपकिरी, काळ्या रेघांचा गाभा तयार होतो. वाळलेले शिसव घनफुटाला सुमारे २४ किलो भरते. साग १८-१९ किलो. म्हणून गाड्याची चाके, शेतीची अवजारे, एवढेच काय, तोफांचे गाडेही त्याचे करीत. एकोणिसाव्या शतकात मुंबईच्या कारागिरांनी कोरलेले शिसवी सामान थेट युरोपात जाई. आज गिटारीसारख्या वाद्यांसाठी आणि चीनमधल्या उंची फर्निचरसाठी त्याला जगभर मागणी आहे.

यातून एक गोष्ट ध्यानात घ्या. मांडीएवढ्या जाडीचे शिसव तोडणाऱ्याच्या हाती बहुतेक पांढरे लाकूडच येते. काळा गाभा पैशाने नव्हे, काळाने मिळतो. कवेत न मावणारा बुंधा तयार व्हायला एका माणसाचे आयुष्य पुरत नाही. तोडायला मात्र एक रात्र पुरते!

म्हणून आंतरराष्ट्रीय निसर्ग संरक्षण संघाने या झाडाची नोंद 'असुरक्षित' म्हणून केली आहे. २ जानेवारी २०१७ पासून शिसव आपल्या साऱ्या भाऊबंदांसह 'साइट्स' या आंतरराष्ट्रीय कराराच्या यादीत आले, आणि परवान्यावाचून त्याचा परदेशी व्यापार बंद झाला. पण करार बंदरावर पहारा देईल. रानातल्या रोपावर पहारा कोण देणार?

आता तुम्ही म्हणाल, आम्ही तर झाडे तोडत नाही. खरे आहे. पण उन्हाळ्यातला वणवा आठवा. मोहफुले वेचायला सोपे जावे म्हणून झाडाखालचा पाचोळा पेटवतात. तेंदूला कोवळी पालवी यावी म्हणून झुडपांना आग लावतात. ती आग तिथेच थांबत नाही. शिसवाची मुळे जमिनीलगत दूर पसरतात आणि त्यांतून जागोजाग कोंब फुटतात. हे तर निसर्गाने फुकट दिलेले रोप! पण चैत्रात कोंब जळतो, पावसाळ्यात पुन्हा फुटतो, पुढच्या चैत्रात पुन्हा जळतो. अशी दहा वर्षे गेली तरी रोप गुडघ्यावर येत नाही. म्हातारी झाडे जातात आणि त्यांच्या जागी तरणी येत नाहीत.

यावर उपाय आपल्या हातचा आहे. मोहाखालचा पाचोळा जाळण्याऐवजी झाडून बाजूला करावा. तेंदूची झुडपे पेटवण्याऐवजी बुडाशी छाटावीत. पालवी तशीही चांगली येते. शिसवाचे कोंब दिसतील तिथे खुणेची काठी रोवावी आणि दोन-चार वर्षे गुरे तिकडे वळू देऊ नयेत.

हे एकट्यादुकट्याचे काम नव्हे, गावाचे आहे. वनहक्क कायदा २००६ साली झाला. त्याखाली धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्ये सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. पुढे या भागातील पुष्कळ गावांना असे हक्क मिळाले. या हक्काबरोबर जंगल राखण्याचा अधिकारही ग्रामसभेकडे येतो. वणव्याचा ठराव ग्रामसभेने केला, तर तो सरकारी पाटीपेक्षा जास्त पाळला जातो.

गुरुजींना आणि बाईंना एक विनंती. थंडीत शिसवाच्या शेंगा पिकतात. मुलांकडून खाली पडलेल्या शेंगा गोळा करवा. बिया एक दिवस पाण्यात भिजवून लगेच पेरा. फार दिवस ठेवल्यास त्या उगवत नाहीत. गावच्या शिवारात मोठी शिसवे किती, मधली किती, कोंब किती, याची नोंद शाळेच्या वहीत दरवर्षी ठेवा. मोठ्यांचा आकडा आहे आणि कोंबांचा शून्य आहे, असे दिसले, की गावाला वेगळे भाषण द्यावे लागणार नाही. ती वही ग्रामसभेपुढे ठेवा, म्हणजे झाले.

आपल्या आजोबांनी शिसव लावले नव्हते; ते रानाने त्यांना दिले होते. आपल्या नातवंडांना मात्र ते आपणच राखून द्यायचे आहे. त्यासाठी येत्या चैत्रात काडी ओढण्याआधी क्षणभर थांबून पायाखाली पाहा.