‘स्वेच्छा’ हा शब्द लिहिण्यापूर्वी



आम्ही बँकेतले कारकून. भाषण हा आमचा प्रांत नव्हे. परंतु संध्याकाळी वस्तीतले लोक अर्ज लिहून घ्यायला आमच्या ओट्यावर येतात, म्हणून अनुकंपा नोकरीविषयी बोलण्याचा आग्रह मंडळाने धरला.

अनुकंपा म्हटले की आपल्यासमोर मृत्यूच उभा राहतो. कर्मचारी सेवेत असताना वारला, पत्नीस वा मुलास नोकरी लागली, एवढेच आपल्याला ठाऊक. पण माणूस जिवंत आहे आणि हातपाय चालत नाहीत, त्या घराचे काय? तिथे खाणारे तोंड कमी होत नाही, औषधाचा खर्च मात्र वाढतो. केंद्र सरकारच्या ९ ऑक्टोबर १९९८ च्या योजनेने हे ओळखले. वैद्यकीय कारणावरून वयाच्या ५५ वर्षांपूर्वी निवृत्त केलेल्या कर्मचाऱ्याचे कुटुंबही तिच्यात धरले आहे. सार्वजनिक क्षेत्रातील बँकांत २०१४ साली आलेल्या योजनेतही तीच ५५ ची अट. २००८ साली आंध्र प्रदेशातील शिवमूर्ती यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अशा नेमणुका घटनेत बसतात, असे सांगितले.

आता आमच्याच हातून घडलेली गोष्ट. शेजारचे एक गृहस्थ केंद्र सरकारच्या एका कचेरीत शिपाई होते. वय ५२. अर्धांगाचा झटका आला, उजवा हात गेला, रजा संपली. कचेरीत कोणी सांगितले, ‘स्वेच्छानिवृत्ती घ्या, पैसे लवकर सुटतील.’ त्यांनी डाव्या हाताने सही केली. पुढे मुलगा अनुकंपेचा अर्ज घेऊन गेला तेव्हा उत्तर मिळाले, तुमचे वडील आपल्या इच्छेने निवृत्त झाले आहेत. ही योजना तुम्हाला लागू नाही. नियमाने ते बरोबरच होते. आणि स्वेच्छानिवृत्तीचा तो अर्ज आमच्याच अक्षरातला होता. आजाराचा त्यात शब्दही नव्हता. बी.ए. झालेल्या माणसाने एवढे विचारायला हवे होते.

खरे म्हणजे त्यांनी नोकरी सोडण्याचीच गरज नव्हती. दिव्यांग व्यक्ती हक्क कायदा, २०१६, याच्या कलम २० (४) प्रमाणे सेवेत अपंगत्व आलेल्या सरकारी कर्मचाऱ्यास काढता येत नाही, त्याचा हुद्दाही उतरवता येत नाही. ते काम जमत नसेल तर त्याच वेतनावर दुसरे द्यावे लागते; जागा नसेल तर जादा पद निर्माण करून त्यावर ठेवावे लागते. १९९५ च्या कायद्यातही कलम ४७ मध्ये हे होतेच. पाय कापावा लागलेल्या कुणाल सिंग या शिपायाला रुग्णता निवृत्तिवेतन देऊन घरी बसवले होते. २००३ साली सर्वोच्च न्यायालयाने त्याच्या बाजूने निकाल दिला. आमच्या शेजाऱ्यांना फोन घेण्याचे, दारावर बसण्याचे काम सहज जमले असते.

एक कटू गोष्ट बोलतो, राग नसावा. वडील टेबलावर बसू शकत असताना मुलाच्या नोकरीसाठी त्यांना ‘अपात्र’ ठरवून घेण्याची घाई काही घरांत चालते. हातचा पगार सोडून यादीतल्या नंबरामागे धावणे ते. केंद्राच्या त्या योजनेत सरळ भरतीच्या जागांपैकी ५ टक्केच अनुकंपेसाठी असतात, आणि घरची मिळकत, माणसे, मालमत्ता सारे तपासले जाते. अनुकंपा हा हक्क नव्हे, हे उमेशकुमार नागपाल प्रकरणात १९९४ सालीच न्यायालयाने स्पष्ट केले आहे. विद्यार्थ्यांनी त्या आशेवर कॉलेज सोडू नये.

मात्र कोणतेच काम होणार नसेल, तर वैद्यकीय मंडळाकडून तपासणीची मागणी लेखी करा, पोच घ्या, आणि ५५ ची वाट पाहत रजा ओढत बसू नका. खासगी डॉक्टरची चिठ्ठी पुरत नाही. अर्ज मुलाच्याच नावाचा हवा असेही नाही. पत्नी किंवा मुलगी शिकलेली असेल तर तिचा करा. राज्य शासनाचे आणि महापालिकांचे नियम निराळे आहेत. सफाई कामगारांच्या वारसांसाठी लाड-पागे समितीची वाट आहे, तीही वेगळी. तेव्हा आपल्या खात्याचा चालू आदेश आधी मिळवा.

रविवारी सकाळी आम्ही मंडळाच्या खोलीत बसतो. रजेचे कागद, दवाखान्याची कागदपत्रे, सेवापुस्तकाची प्रत घेऊन या. सही मात्र आधी करून येऊ नका.

जयभीम!